ब्रेव्हर एंजल्सची लाल-निळी कार्यशाळा : एक परीक्षण

ब्रेव्हर एंजल्स ही अमेरिकेतील एक स्वयंसेवी संस्था आहे आणि ती देत असलेली सेवा जरा अजबच म्हणावी अशी आहे. एकमेकांचे तोंडही पाहू न इच्छिणाऱ्या दोन राजकीय बाजूंच्या लोकांना ती एका सभागृहात, सारख्याच संख्येने, काही तास बसवते आणि कुणीही कुणाचे मत बदलण्याचा प्रयत्न करायचा नाही या एकाच अटीवर त्यांना बोलते करते. ओहायोमध्ये अनेक वर्षे राहणारी, येथे मतदान करणारी एक मराठी बाई म्हणून मी या संस्थेची मुख्य कार्यशाळा पाहिली, तिच्या इतर काही उपक्रमांतही भाग घेतला, आणि राजकीय दरी कमी करण्याचे काम ती कितपत साधते व वांशिक दरीपाशी येऊन कोठे अडते, याविषयी माझे मत येथे मांडत आहे.

संस्थेचा जन्मही ओहायोतलाच. डिसेंबर २०१६ मध्ये, म्हणजे ट्रम्प पहिल्यांदा निवडून आल्यानंतर काही आठवड्यांतच, साउथ लेबनन या छोट्या गावात ट्रम्प यांना मत दिलेले दहा आणि हिलरी क्लिंटन यांना मत दिलेले अकरा जण एकत्र बसले. त्या बैठकीमागे डेव्हिड ब्लँकनहॉर्न, डेव्हिड लॅप आणि मिनेसोटा विद्यापीठातील कौटुंबिक समुपदेशक बिल डोहर्टी हे तिघे होते. संस्थेचे मूळ नाव ‘बेटर एंजल्स’ हे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष अब्राहम लिंकन यांच्या ४ मार्च १८६१ च्या भाषणातील एका शब्दप्रयोगावरून घेतलेले होते, आणि ते भाषण झाल्यावर सव्वा महिन्यात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले हे लक्षात घेतले तर ती निवड फारशी शुभसूचक नव्हती; पण तो विषय वेगळा. आपल्याकडच्या वाचकांसाठी एक खुलासा मात्र आवश्यक आहे. आपल्याला लाल म्हटले की लाल बावटा आठवतो. अमेरिकेत नेमके उलटे आहे. येथे लाल म्हणजे रिपब्लिकन पक्षाकडे झुकणारे, परंपरावादी, आणि निळे म्हणजे डेमोक्रॅट पक्षाकडे झुकणारे, उदारमतवादी.

कार्यशाळेची सगळी रचना डोहर्टी यांच्या व्यवसायातून आलेली आहे. घटस्फोटाच्या उंबरठ्यावर आलेल्या जोडप्यांना समोरासमोर बसवून त्यांनी आयुष्य घालवले, आणि अशा जोडप्यांना मोकळे सोडले तर ती पहिल्या पाच मिनिटांतच एकमेकांची उणीदुणी काढू लागतात, हे ज्ञान त्यांनी राजकारणाला लावले. म्हणून येथे मोकळी चर्चा जवळजवळ नाहीच. प्रत्येक टप्प्याला वेळ ठरलेला, प्रश्न ठरलेला, बोलण्याचा क्रम ठरलेला. बोलायचे ते स्वतःपुरते. ‘तुम्ही लोक’ अशी सुरुवात झाली की सूत्रसंचालक सौम्यपणे थांबवतात. हे सूत्रसंचालक स्वयंसेवक असतात आणि त्यांना त्यासाठी रीतसर प्रशिक्षण दिलेले असते. एखाद्याला हा सारा प्रकार शाळेच्या तासासारखा वाटेल, आणि सुरुवातीला मलाही या शिस्तीचा थोडा जाच वाटला, परंतु दूरचित्रवाणीवरील चर्चांमध्ये मोकळेपणाच्या नावाखाली जे चालते ते रोज पाहणाऱ्याला या जाचाचे मोल कळायला वेळ लागत नाही.

नाव नोंदवताना आपण लाल की निळे हे सांगावे लागते. दोन्हींपैकी कोणत्याही बाजूचे नसलेल्यांसाठी, किंवा माझ्यासारख्या जन्माने परक्या आणि मनाने तळ्यात-मळ्यात असलेल्यांसाठी, निरीक्षक म्हणून बसण्याची सोय आहे. मात्र निरीक्षकाने तोंड उघडायचे नाही. एका सार्वजनिक वाचनालयाच्या सभागृहात ही कार्यशाळा होती. दोन्ही बाजूंच्या नावाच्या पट्ट्यांचे रंग वेगळे होते आणि चहाच्या टेबलाशी पहिली दहा मिनिटे जो तो आपापल्या रंगाचा शोध घेत होता, हे मला तरी फार बोलके वाटले.

पहिला महत्त्वाचा टप्पा पूर्वग्रहांचा. दोन्ही गट वेगवेगळ्या खोल्यांत जातात आणि दुसरी बाजू आपल्याविषयी कोणते गैरसमज बाळगते याची यादी स्वतःच करतात. मग प्रत्येक गैरसमजापुढे वस्तुस्थिती काय आहे हे लिहायचे, आणि त्याही पुढच्या रकान्यात, या गैरसमजात तथ्याचा अंश किती आहे, हे लिहायचे. मी लाल गटाच्या खोलीत बसले. यादीत पहिला शब्द कोणता येणार याविषयी खोलीत कुणालाच शंका नव्हती. फळ्यावरच्या मोठ्या कागदावर ‘वंशद्वेष्टे’ हा शब्द लिहिला गेला तेव्हा एकदोघे कडवटपणे हसलेही. मधला रकाना भराभर भरला : आमच्या चर्चमध्ये सगळ्या वर्णांचे लोक येतात, माझा जावई कृष्णवर्णीय आहे, आम्ही माणसाला त्याच्या कर्तृत्वावरून जोखतो. तिसऱ्या रकान्यापाशी मात्र खोली गप्प झाली. बऱ्याच वेळाने, आयुष्यभर ट्रक चालवून निवृत्त झालेल्या एका गृहस्थांनी सांगितले की कामाच्या ठिकाणी, कृष्णवर्णीय सहकारी निघून गेल्यावर, जे विनोद होत ते आपण ऐकून घेत आलो आणि कधीही कुणाला अडवले नाही. लिहिणाऱ्या बाईंनी हे जरा मवाळ शब्दांत उतरवले तर त्यांनीच हटकले आणि म्हणाले, जसे बोललो तसेच लिहा.

हा कागद नंतर दुसऱ्या गटापुढे वाचून दाखवला जातो. समोरच्या गटाने ऐकायचे, फक्त ऐकायचे. निळ्यांच्या कागदावरही तिसरा रकाना होता आणि ‘गर्विष्ठ, शिष्ट’ या आरोपापुढे त्यांनी लिहिले होते की महाविद्यालयात न गेलेल्या माणसाच्या बोलण्याच्या ढबीला आम्ही हसतो आणि ते हसणे आम्हाला पूर्वग्रह वाटतच नाही. मला वाटते, या एका वाक्यासाठी लाल बाजूचे अर्धे लोक पुढचे दोन तास बसून राहिले.

यानंतरचा टप्पा ‘फिशबाऊल’ या नावाने ओळखला जातो. एक गट मधोमध वर्तुळ करून बसतो, दुसरा त्याच्याभोवती बाहेर. आतल्यांनी दोन प्रश्नांची उत्तरे द्यायची : तुमच्या बाजूची मूल्ये आणि धोरणे देशाच्या हिताची आहेत असे तुम्हाला का वाटते, आणि तुमच्या स्वतःच्या बाजूविषयी तुमच्या मनात कोणते किंतु आहेत. पहिल्या प्रश्नाची उत्तरे अपेक्षित होती तशीच आली. कार्यशाळेचा खरा प्राण दुसऱ्या प्रश्नात आहे. राजकारणात आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचा तो कार्टा हा जगभरचा नियम. तो मोडायचा आणि तोही कार्ट्याच्या साक्षीने मोडायचा, ही मागणी साधी नाही. तरीही लोक बोलले. आपल्या बाजूचे नेते सत्याशी सोयीस्कर वागतात, देशाच्या कर्जाविषयी आपण विरोधात असतानाच बोलतो, गर्भपातावर आपल्यातही दोन मते आहेत पण ती उघडपणे मांडायची चोरी आहे, असे बरेच काही पोटतिडकीने सांगितले गेले. माझ्या मते या सेवेची जर एकच गोष्ट उचलून न्यायची झाली तर ती ही. समोरच्याचा मुद्दा आधी नीट मांडून मगच त्याचे खंडन करायचे, ही पूर्वपक्षाची शिस्त आपल्या शास्त्रार्थात होतीच. स्वतःच्या पक्षातील छिद्रे प्रतिपक्षापुढे स्वतःच दाखवायची ही त्याच्याही पुढची पायरी आहे.

शेवटच्या टप्प्यात दोन्ही गट एकमेकांना विचारायचे प्रश्न तयार करतात, आणि येथे सूत्रसंचालकांचा कस लागतो, कारण लोकांना प्रश्न विचारायला सांगितले की ते प्रश्नचिन्ह लावलेले भाषण करतात. निळ्या गटाचा पहिला प्रश्न असा होता की मतदानासाठी ओळखपत्राची सक्ती कृष्णवर्णीय मतदारांना रोखण्यासाठीच आहे हे तुम्हाला दिसत नाही का. सूत्रसंचालकांनी तो तीनदा घडवून घेतला. अखेरीस तो, ओळखपत्राची सक्ती तुम्हाला महत्त्वाची का वाटते आणि ज्यांच्याकडे ते नाही त्यांच्याविषयी तुम्हाला काय करावेसे वाटते, असा झाला. उत्तरही तितकेच बदलले. ओळखपत्र सरकारने फुकट आणि घरपोच द्यावे, यावर त्या छोट्या गटात कुणाचाच विरोध उरला नाही. कायदा काही त्यामुळे बदलणार नव्हता, पण एरवी दहा वर्षे चालणारा वितंडवाद पंधरा मिनिटांत एका व्यवहार्य जागी आला, हे मी समोर बसून पाहिले.

आता दुसरी बाजू. लाल आणि निळे समसमान असावेत या नियमामागे ठोस विचार आहे. मानसशास्त्रज्ञ गॉर्डन ऑलपोर्ट यांनी १९५४ मध्येच मांडले होते की वेगवेगळ्या गटांतील माणसे नुसती एकत्र आल्याने पूर्वग्रह कमी होत नाहीत, त्यांचा दर्जा समान असावा लागतो आणि उद्दिष्ट सामाईक असावे लागते. परंतु या नियमाने सभागृहाचे विभाजन पक्षाच्या रेषेवर केले की वंशाची रेषा आपोआप मागे पडते. अमेरिकेतील कृष्णवर्णीय मतदारांपैकी सुमारे नव्वद टक्के गेली कित्येक दशके डेमोक्रॅट पक्षाला मत देत आले आहेत. त्यामुळे कृष्णवर्णीय व्यक्ती आलीच तर ती बहुधा निळ्या बाजूला बसते, आणि मुळात येतातच कमी. या उपक्रमांना येणारे लोक मुख्यतः श्वेतवर्णीय, शिकलेले आणि उतारवयाचे असतात, हे संस्थेच्या हितचिंतकांनीही वेळोवेळी मान्य केले आहे. परिणाम असा होतो की वंशभेद हा विषय सभागृहात येतो तो एका बाजूवरचा आरोप म्हणून. ज्यांनी तो भोगला त्यांचा अनुभव म्हणून येत नाही. त्या ट्रकचालकाची कबुली खरी होती, मोलाची होती, पण ज्या सहकाऱ्याच्या पाठीमागे ते विनोद झाले तो तेथे नव्हता, आणि त्याच्या वाट्याची खुर्ची या रचनेत ठेवलेलीही नाही.

संस्थेला याची जाण नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. तिचे राष्ट्रीय प्रतिनिधी म्हणून काम करणारे जॉन वुड ज्युनियर हे स्वतः कृष्णवर्णीय आहेत आणि २०१४ मध्ये लॉस एंजल्समधून रिपब्लिकन उमेदवार म्हणून काँग्रेसची, म्हणजे अमेरिकी संसदेची, निवडणूक लढलेले आहेत, म्हणजे वंश आणि पक्ष यांचे ठरीव समीकरण त्यांच्यापाशीच मोडते. डोहर्टी यांनी तर मिनिआपोलिसमध्ये पोलीस अधिकारी आणि कृष्णवर्णीय पुरुष यांना नियमितपणे एकत्र बसवण्याचा वेगळा प्रकल्प, मे २०२० मध्ये जॉर्ज फ्लॉइड या कृष्णवर्णीय माणसाची पोलिसाच्या हातून हत्या होण्याच्या आधीपासूनच, उभा केला होता. तो प्रकल्प महिनोन्‌महिने त्याच माणसांना पुनःपुन्हा भेटवत राहिला; तीन तासांच्या कार्यशाळेत ते कसे जमणार, हा प्रश्न मला रास्त वाटतो.

वंशाच्या प्रश्नासाठी संस्थेकडे दुसरी एक सोय आहे ती दोघांच्या ऑनलाइन संवादाची. लाल आणि निळे, शहरी आणि ग्रामीण अशा जोड्यांप्रमाणे श्वेतवर्णीय आणि अन्य वर्णीय अशीही जोडी लावून दिली जाते आणि सोबत प्रश्नांची छापील चौकट मिळते. माझी जोडी एका निवृत्त श्वेतवर्णीय शिक्षिकेशी लागली. त्या अतिशय अगत्याने बोलल्या, आणि तरीही संवाद एका जागी येऊन अडखळला, कारण ‘अन्य वर्णीय’ या एकाच खान्यात माझे आणि अलाबामातून उत्तरेत स्थलांतर केलेल्या कृष्णवर्णीय कुटुंबातील स्त्रीचे स्थान एकच धरले गेले होते. भारतीयांचे या वर्णपटावरील स्थान किती डळमळीत आहे याला इतिहास साक्ष आहे. येथे स्थलांतर केलेल्या भगतसिंग थिंद या शीख गृहस्थांच्या खटल्यात १९२३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने भारतीय माणूस ‘श्वेत’ नाही असे ठरवून त्यांचे नागरिकत्व नाकारले. १९७० च्या जनगणनेत आम्हाला श्वेतवर्णीयांत मोजले गेले. १९८० मध्ये ‘एशियन इंडियन’ हा स्वतंत्र रकाना आला. शिवाय आम्हा बहुतेकांना या देशाचे दार उघडले ते १९६५ च्या स्थलांतर कायद्याने, आणि तो कायदा नागरी हक्क चळवळीने निर्माण केलेल्या वातावरणातच संमत झाला. नागरी हक्कांसाठी अलाबामातील बर्मिंगहॅमच्या रस्त्यांवर ज्यांनी मार खाल्ला त्यांच्या पुण्याईवर आमची घरे उभी आहेत, असे मी त्या शिक्षिकांना सांगितले तेव्हा त्यांना ते नवीन होते. खरे सांगायचे तर आमच्या मराठी मंडळींपैकीही फार थोड्यांना ते ठाऊक असते, आणि कृष्णवर्णीय वस्तीत घर घेऊ नका असा सल्ला नव्या आलेल्यांना देताना तर ते कुणालाच आठवत नाही. छापील चौकटीत याला जागा नव्हती. शिक्षिका भल्या होत्या म्हणून आम्ही ती चौकट बाजूला ठेवून बोललो.

संस्थेच्या वादसभांविषयी थोडक्यातच लिहिते. ठरावाच्या बाजूने एक आणि विरोधात एक अशी भाषणे आलटून-पालटून होतात आणि प्रत्येक वक्त्याने, तसेच प्रत्येक प्रश्नकर्त्याने, केवळ अध्यक्षांना उद्देशून बोलायचे असते. ही एक अट आवाजाची पट्टी किती खाली आणते हे पाहण्यासारखे आहे. ज्यांना आपले मत मांडल्याशिवाय चैन पडत नाही त्यांना कार्यशाळेपेक्षा ही वादसभाच मानवेल.

मराठी घरांसाठी मात्र मी कुटुंब आणि राजकारण या विषयावरची छोटी ऑनलाइन कार्यशाळा अधिक उपयोगाची मानते. डोहर्टी यांनी घरच्या वादांतील माणसांचे काही नमुने सांगितले आहेत : कायम आखाड्यात उतरलेला, सतत बचाव करणारा, सगळ्यांना गप्प करून शांतता राखू पाहणारा, खरोखर समजून घ्यायला बोलणारा, आणि एखादा बाण मारून नामानिराळा होणारा. हा शेवटचा नमुना आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कोण आहे हे ऐकता ऐकताच मला नावानिशी कळले. गेल्या काही निवडणुकांत आमच्याकडे दुहेरी फाळणी झाली आहे. एकीकडे अमेरिकेतील पक्ष आणि दुसरीकडे भारतातील पक्ष, आणि या दोन्हींची सांगड प्रत्येकाने आपापल्या परीने घातलेली. ह्यूस्टनमधला मुलगा आणि नाशिकचे वडील, शिकागोतली सून आणि तिथेच राहणारे सासरे, यांच्यात बोलणे बंद होण्याइतपत प्रकरणे गेलेली मला माहीत आहेत. अशा वेळी समोरचा काय म्हणाला ते आधी आपल्या शब्दांत सांगून दाखवायचे, मग आपण एक वेगळी बाजू मांडणार आहोत याची सूचना द्यायची आणि त्यानंतरच ती मांडायची, ही शिकवलेली पायरी अगदी साधी आहे. ती घरी वापरताना पहिल्यांदा कृत्रिम वाटते आणि तरीही उपयोगी पडते.

परिणाम किती टिकतो? विद्यापीठांच्या आवारांत विद्यार्थ्यांवर या कार्यशाळेचे शास्त्रीय प्रयोग झाले आहेत आणि दुसऱ्या बाजूविषयीची अढी कमी होते, मात्र यातला काही परिणाम काळाबरोबर ओसरतो, असे त्यांतून दिसले. मी पाहिलेल्यांपुरते बोलायचे तर त्यातल्या कुणी पक्ष बदलल्याचे माझ्या कानावर नाही, आणि तसा संस्थेचा दावाही नाही. दोन निळे आणि एक लाल अशा तिघांनी नंतर वाचनालयाच्या निधीसाठी एकत्र सह्या गोळा केल्या, हे मात्र मी त्यांच्यापैकी एकीच्या तोंडून ऐकले.

पैशाच्या दृष्टीने ही सेवा जवळजवळ फुकट आहे. मी सभासद झाले तेव्हा वार्षिक वर्गणी १२ डॉलर होती आणि अनेक ऑनलाइन वर्गांना तीही लागत नाही. खरी किंमत वेळेची आणि अहंकाराची. ज्यांना वंशभेदाचा प्रश्नच समजून घ्यायचा आहे त्यांनी केवळ या कार्यशाळेवर विसंबू नये. त्यासाठी आपल्या गावातील कृष्णवर्णीय चर्चच्या कार्यक्रमांना आणि स्थानिक इतिहासाच्या व्याख्यानांना जाणे अधिक फलदायी ठरेल. दुसऱ्या पक्षाचा माणूस आपल्याला असा का दिसतो हे ज्यांना तपासायचे आहे त्यांनी ती अवश्य करावी, आणि शक्यतो ऑनलाइन न करता प्रत्यक्ष सभागृहात करावी, कारण तिसऱ्या रकान्यापाशी येणारी शांतता पडद्यावर कळत नाही.

नोंदणीबाबत एक व्यावहारिक सूचना. निळ्या बाजूच्या जागा लवकर भरतात आणि लाल बाजूची माणसे पुरेशी मिळत नाहीत म्हणून निळ्यांना बरेचदा प्रतीक्षा यादीत थांबावे लागते. तेव्हा निळ्या बाजूने नाव नोंदवायचे असेल तर लाल बाजूचा एखादा शेजारी, सहकारी किंवा व्याही आधी गाठावा आणि दोघांनी मिळूनच अर्ज करावा; निरीक्षकांना अशी अडचण सहसा येत नाही.